जित्याची खोड मेल्यावरही जात नाही: झोंबी कॉमेडीबद्दल

झोंबीचा पिक्चर बघतेय म्हटलं की आमच्याकडे लगेच "शी, ते रक्तबिक्त कसलं बघतेस" सुरू होतं, आणि ते अगदीच खोटं पण नाहीये, आतडी बाहेर येतात, मुंडकी उडतात, सगळं असतं. पण मी ज्या पिक्चरांबद्दल बोलतेय ते बघताना भीती कमी वाटते आणि हसू जास्त येतं, आणि हसून झालं की पाच मिनिटांनी डोक्यात येतं की अरे, हा टोमणा आपल्यालाच होता की.

माझी एक थिअरी आहे. ह्या सगळ्या पिक्चरांत मुळात जोक एकच असतो. माणूस मेला, उठला, आणि जिवंतपणी जे करत होता तेच परत करायला लागला. जित्याची खोड मेल्याशिवाय जात नाही म्हणतात ना, इथे मेल्यावरही जात नाही. आणि खोड काय फक्त माणसांनाच असते असं नाही, न्यूज चॅनलला असते, सरकारला असते, बिल्डरला तर असतेच असते. जो डायरेक्टर ह्या खोडीवर कॅमेरा धरून ठेवतो त्याचा पिक्चर जमतो, आणि जो बंदुकांच्या नादाला लागतो त्याचा मग नुसता व्हिडिओ गेम होतो.

झोंबी मूळचा हैतीचा. उसाच्या मळ्यात गुलाम म्हणून राबलेल्या लोकांची भीती अशी होती की मेल्यावर तरी सुटका होईल म्हणावं तर कोणीतरी मांत्रिक उठवून परत कामाला जुंपेल. १९३२ च्या 'व्हाइट झोंबी'मधे साखरेच्या गिरणीत झोंबी चरक फिरवताना दाखवलेत, त्यातला एक तोल जाऊन आत पडतो आणि बाकीचे मानसुद्धा वर न करता फिरवत राहतात. हा पिक्चर आला तेव्हा हैतीवर अमेरिकेचाच कब्जा होता, १९१५ पासून १९३४ पर्यंत होता. त्यामुळे "झोंबीत पॉलिटिक्स कशाला आणता" असं कोणी म्हणालं की मला गंमत वाटते, ते कोणी आणलेलं नाहीये, ते आधीपासून तिथेच होतं.

आज आपण ओळखतो तो माणसं खाणारा झोंबी जॉर्ज रोमेरोचा, १९६८ चा 'नाइट ऑफ द लिव्हिंग डेड'. तो कॉमेडी अजिबात नाही. (टायटल बदलताना कॉपीराइटची ओळ टाकायची राहिली म्हणून तो पहिल्या दिवसापासून सगळ्यांचा झाला, आजही फुकट बघता येतो.) पण दहा वर्षांनी, १९७८ ला, त्यानेच 'डॉन ऑफ द डेड' केला आणि तिथे हसू सुरू झालं.

'डॉन'बद्दल सगळे मॉलचंच बोलतात, पण मला त्याची सुरुवात जास्त आवडते. टीव्ही स्टेशन आहे, बाहेर मेलेले उठतायत, आत नुसता आरडाओरडा चाललाय. स्क्रीनवर खाली पट्टी फिरतेय की मदत केंद्रं कुठे कुठे आहेत. तिथे काम करणाऱ्या एका बाईला कळतं की ही यादी जुनी झालीये, त्यातली अर्धी केंद्रं बंद पडलीयेत, लोक तिथे जाऊन मरतील. ती पट्टी काढायला लावते. तर वरचा साहेब धावत येतो, पट्टी परत लाव, ती नसेल तर लोक आपलं चॅनल बघणार नाहीत! जग संपत आलंय आणि ह्याला टीआरपीची पडलीये. १९७८ चा पिक्चर आहे हा, ब्रेकिंग न्यूजच्या लाल पट्ट्या यायला अजून कितीतरी वर्षं होती.

मग ती बाई आणि आणखी तिघं असे चौघंजण हेलिकॉप्टर घेऊन पळतात आणि एका मॉलवर उतरतात. तो मॉल खरा आहे, पिट्सबर्गजवळ मनरोव्हिलला, शूटिंग रात्री दुकानं बंद झाल्यावर चालायचं आणि ख्रिसमसची सजावट लागली तेव्हा मधेच थांबवावं लागलं होतं. मॉलमधे झोंबी एस्केलेटरवर धडपडतायत, काचेला नाक लावून उभे आहेत, एक नर्स, एक नन, एक तर चक्क हरे कृष्णवाला आहे, भगव्या कपड्यात. कोणीतरी विचारतं हे इथे का येतात, उत्तर येतं की सवयीने, ही त्यांच्या आयुष्यातली महत्त्वाची जागा होती. बास, एवढंच बोलतात, पुढे लेक्चर नाही. आणि खरी मजा पुढे आहे, की ते जिवंत चौघंही तेच करायला लागतात. फर कोट घालून बघतात, बँकेतल्या नोटा खिशात भरतात, जेवणाचं टेबल सजवतात, आणि मग एकमेकांसमोर बसून कंटाळतात. आमच्या जवळच्या मॉलमधे रविवारी संध्याकाळी पार्किंगला जागा शोधत गोल गोल फिरणारे लोक बघितले की मला दर वेळी हाच पिक्चर आठवतो, आणि हो, त्या गोल गोल फिरणाऱ्यांत मी पण असते.

'शॉन ऑफ द डेड' (२००४, एडगर राइट आणि सायमन पेग) बहुतेकांनी बघितलेला असेल म्हणून लांबण लावत नाही. पण त्याची टायटल्स परत बघा. झोंबी यायच्या आधीची लंडनची सकाळ आहे, बस स्टॉपवरचे लोक, काउंटरवर वस्तू सरकवणाऱ्या कॅशियर, सगळे एकसारखे, डोळ्यात जीव नाही. नंतर शॉन झोपेतून उठून कोपऱ्यावरच्या दुकानात जातो तो सीन तर आता क्लासिक झालाय, आदल्या दिवशी ज्या रस्त्याने गेला त्याच रस्त्याने, त्याच एका लांबलचक शॉटमधे, फक्त आता गाड्या फुटल्यात, फ्रीजच्या दारावर रक्ताचे हात उमटलेत, आणि हा पठ्ठ्या कोकचा कॅन उचलून, रस्त्यात हात पसरून येणाऱ्या झोंबीला भिकारी समजून सुट्टे नाहीत म्हणत घरी येतो. त्याला काहीच वेगळं वाटत नाही, कारण वेगळं काही नाहीच. शेवटी साथ आटोक्यात आल्यावर झोंबींचं काय करतात? सुपरमार्केटच्या ट्रॉल्या ढकलायला लावतात. टीव्हीच्या गेम शोमधे पळवतात. हैतीच्या गिरणीतून निघालेला झोंबी फिरून परत कामावर रुजू.

आता ज्याच्यासाठी ही पोस्ट लिहायला घेतली तो पिक्चर. 'हुआन दे लोस मुएर्तोस', इंग्रजीत 'हुआन ऑफ द डेड', २०११, डायरेक्टर आलेहान्द्रो ब्रुगेस. क्यूबाचा. हवानातच शूट केलेला, काही पैसे स्पेनचे, आणि २०१३ ला स्पेनचं गोया अवॉर्डपण मिळालं त्याला. नावावरून वाटतं की 'शॉन'ची नक्कल असेल, पण नाही, हा पार वेगळाच प्राणी आहे.

हुआन चाळिशीचा, बेकार, पक्का आळशी. पिक्चर सुरू होतो तेव्हा तो आणि त्याचा मित्र लाझारो समुद्रात तराफ्यावर पडलेत, मासे मारायला म्हणून आलेत. लाझारो विचारतो, कधी वाटत नाही का असंच वल्हवत मायामीला जावं? हुआन म्हणतो कशाला, तिथे काम करावं लागेल! इथे आपण बसून राहायचं, झाडावरून काही पडलं की उचलायचं. मग पाण्यातून एक प्रेत वर येतं, हालचाल करतं, लाझारो त्याला मासे मारायच्या बाणाने मारतो, आणि दोघं ठरवतात की आपण काही बघितलेलं नाही. मला वाटतं हुकूमशाहीत वाढलेल्या माणसाचं ह्याच्याइतकं कमी शब्दातलं वर्णन मी दुसरीकडे बघितलेलं नाही. बघितलं, मिटवलं, घरी गेलो.

पुढे शहरभर मेलेले उठतात तेव्हा सरकारी टीव्ही काय सांगतो? की हे तुरळक प्रकार आहेत, अमेरिकेच्या पैशावर पोसलेले सरकारविरोधक हे घडवून आणतायत. झालं! त्यानंतर पूर्ण पिक्चरभर लोक झोंबीला 'विरोधक'च म्हणतात. शेजारची म्हातारी मेलेल्या नवऱ्याला बघून किंचाळते, आणि सगळे विचारात पडतात की हे आजोबा कधीपासून विरोधक झाले. सरकारला एकच शिवी येते आणि तीच प्रत्येक गोष्टीला वापरायची त्याची सवय इतकी जुनी की मुडदा चावायला आला तरी तीच बाहेर पडते. हे बघताना मी सोफ्यावरून पडायची बाकी होते. क्यूबात न राहता पण हा जोक समजतो, का समजतो ते मी लिहीत नाही, तुम्ही सुज्ञ आहात.

आणि हुआन काय करतो? धंदा. फोन उचलून सांगतो की हुआन ऑफ द डेड, आम्ही तुमच्या प्रियजनांना मारून देतो, बोला काय सेवा करू? ह्याच्यामागचा संदर्भ माहीत असला की आणखी मजा येते. २०१० ला राऊल कास्त्रोच्या सरकारने जाहीर केलं की पाच लाख सरकारी नोकऱ्या कमी करणार, आणि लोकांनी स्वतःचा काहीतरी धंदा करावा म्हणून परवानगी असलेल्या १७८ कामांची यादी काढली. न्हावी, चांभार, लायटर भरून देणारा असली कामं. पन्नास वर्षं खासगी धंदा म्हणजे पाप असं शिकवल्यावर एकदम सांगितलं की बघा बाबांनो तुमचं तुम्ही. हुआनने बघितलं. त्याचा धंदा त्या यादीत नव्हता एवढंच.

त्याचा एक डायलॉग आहे जो क्यूबन लोक पाठ म्हणत असतील, की मी मारिएल सोसलं, अंगोला सोसलं, तो स्पेशल पीरियड सोसला आणि त्यानंतर जे काही आलं तेही सोसलं, आता हे काय नवीन. मारिएल म्हणजे १९८० ला त्या बंदरातून सव्वा लाखाच्या आसपास लोक होड्यांनी अमेरिकेला गेले ते. अंगोला म्हणजे तिथल्या युद्धात क्यूबाने पाठवलेलं सैन्य. आणि स्पेशल पीरियड हे सोव्हिएत युनियन कोसळल्यावर आलेल्या उपासमारीचं सरकारी नाव, किती गोड नाव आहे बघा. ह्या माणसाला झोंबीची भीती घालून काय उपयोग! रेशनच्या रांगेत जो मोठा झाला त्याला जगबुडी म्हणजे आणखी एक रांग.

एक सीन तर असा आहे की एक अमेरिकन पाद्री येऊन ह्यांना वाचवतो आणि हे सगळं काय आहे, कशाने झालं, उपाय काय ते समजावून सांगायला लागतो. इंग्रजीत. ह्यांना कोणाला ओ की ठो कळत नाही, आणि तेवढ्यात लाझारोच्या हातून चुकून बाण सुटतो आणि पाद्री खलास. पिक्चरमधे कारण शेवटपर्यंत कळत नाही. हॉलिवुडची अर्धी सवय, की शेवटी अमेरिकन येऊन सगळं समजावून सांगणार, ब्रुगेसने एका बाणात निकालात काढली.

शेवटी एका गाडीची बोट करून सगळे निघतात. हे वाटतं पिक्चरवाल्यांचं डोकं, पण २००३ साली खरोखर काही क्यूबन लोक १९५१ च्या शेवरले ट्रकला रिकामे ड्रम बांधून फ्लोरिडाच्या दिशेने निघाले होते, अमेरिकन कोस्ट गार्डने समुद्रात अडवून त्यांना परत पाठवलं आणि ट्रक बुडवून टाकला. पिक्चरमधली गाडी जाते. हुआन मात्र जात नाही. ज्या माणसाला कधी कुठलंच काम करायचं नव्हतं तो मागे राहतो आणि एकटा झोंबींच्या गर्दीत उडी घेतो. देशप्रेम वगैरे शब्द कुठेही येत नाहीत, म्हणूनच ते पोचतं.

ह्याच जातीतलं पण जास्त कडू असं एक आहे, डायरेक्टर जो डान्टेचं 'होमकमिंग', २००५, तासाभराचा टीव्ही एपिसोड. इराक युद्ध चालू असताना केलेला. सरकारचा एक प्रचार सल्लागार टीव्ही चर्चेत बसलाय, समोर मुलगा युद्धात गमावलेली आई, आणि हा डोळ्यात पाणी आणून म्हणतो की तुमचा मुलगा परत येऊ शकला असता तर त्याने सांगितलं असतं की हे युद्ध किती गरजेचं आहे. मुलं परत येतात. झेंड्यात गुंडाळलेल्या पेट्यांची झाकणं उघडून उठतात (ह्या पेट्यांचे फोटो काढायलाच अमेरिकेत १९९१ पासून २००९ पर्यंत बंदी होती, म्हणून तो सीन जास्त लागतो). कोणाला चावत नाहीत, कोणाचा मेंदू खात नाहीत. त्यांना फक्त मतदान करायचंय, ज्याने युद्ध केलं त्याला पाडायला. मत देऊन झालं की शांतपणे परत मरतात. आणि मग जिवंत लोकांची धावपळ बघा, आधी हे आमचे वीर, देवाचा चमत्कार, आणि मत कोणाला देणार ते कळल्यावर एका रात्रीत सैतान. खोड कुणाची कुठली ते वेगळं सांगायला नको.

सगळंच जमतं असं नाही. जिम जारमुशच्या 'द डेड डोन्ट डाय' (२०१९) मधे मेलेले उठून "कॉफी", "वायफाय" असं पुटपुटत फिरतात, तिथपर्यंत भारी आहे, गोऱ्यांचाच देश करा छाप लाल टोपीवाला शेतकरीपण आहे. पण शेवटी टॉम वेट्सचा जंगलातला बाबा दुर्बिणीतून बघत बघत आपल्याला समजावून सांगतो की बघा, माणसं वस्तूंच्या मागे लागून आधीच झोंबी झाली होती. अरे बाबा, रोमेरोने हे एका वाक्यात संपवलं होतं, त्याच्या चाळीस वर्षं आधीच! जोक समजावून सांगायला लागला की मेला, आणि तो परत उठत पण नाही.

उलट 'कॉकनीज व्हर्सेस झोंबीज' (२०१२) फार हुशार वगैरे नाही पण त्यातला एक सीन मी कोणालाही आग्रहाने दाखवते. पूर्व लंडनमधे बिल्डर लोक खणताना जुनं प्लेगचं तळघर फोडतात, तिथून सुरुवात, आणि इकडे एक वृद्धाश्रम त्याच बिल्डरमुळे बंद पडायला आलाय. आश्रमातले आजोबा वॉकर घेऊन चाललेत आणि मागून झोंबी येतोय. दोघांचा स्पीड सेम! मिनिटभर ही 'चेस' चालते. रीडेव्हलपमेंटच्या मीटिंगा ज्यांनी बघितल्यात त्यांना ह्यात हसायला आणखी एक कारण मिळेल, सही करा म्हणून मागे लागलेले लोक अगदी ह्याच वेगाने येतात आणि अगदी असेच थांबत नाहीत.

आपल्याकडे काय? २०१३ चा 'गो गोवा गॉन' बऱ्याच जणांना आवडतो, मलाही पहिला अर्धा भाग आवडतो. आपल्याकडे तर भूतं असतात, हे झोंबी कुठून आले, ह्यावर ग्लोबलायझेशन असं उत्तर, आणि सैफ अली खान रशियन अॅक्सेंट मारणारा दिल्लीवाला, दोन्ही मस्त. पण गोवा त्यात नाहीये. आहे ती मुंबईच्या पोरांच्या डोक्यातली दारू-ड्रग्ज-फॉरेनर वाली जागा. एक धड गोंयकार भेटत नाही अख्ख्या पिक्चरमधे. पार्टी बेटावर नेली आणि स्थानिक माणसाचा प्रश्नच मिटवला. तेलुगूत 'झोंबी रेड्डी' (२०२१) आला, तिथे रायलसीमातली खानदानी भांडणं आणि झोंबी एकत्र. कल्पना कसली फिट आहे, जिथे पिढ्यान्‌पिढ्या एकमेकांना कापायचीच सवय, तिथे झोंबीने वेगळं काय करायचं.

आणि आपला 'झोंबिवली'. आदित्य सरपोतदारचा, कोरोनामुळे ढकलत ढकलत २६ जानेवारी २०२२ ला आला. अमेय वाघ, ललित प्रभाकर, वैदेही परशुरामी. टॉवर, टॉवरच्या शेजारची वस्ती, आणि मधे पाणी. जागा निवडण्यात त्याने शंभर पैकी शंभर मार्क मिळवलेत. डोंबिवली एमआयडीसीतले रस्ते केमिकलने गुलाबी झाले म्हणून २०२० मधे मुख्यमंत्री बघायला आले होते, ते गाव आहे हे, तिथे पाण्यातून काही पसरलं तर बातमी आतल्या पानावर जाईल. तक्रार एकच, उत्तरार्धात टॉवरवाले आणि वस्तीवाले फार पटकन एक होतात. खरी सोसायटी असती तर आधी नोटीस लागली असती की झोंबी झालेल्या सभासदांनी मेंटेनन्स वेळेत भरावा, व्हिजिटर झोंबींनी लिफ्ट वापरू नये. तरीही मराठीत हे झालं ह्याचंच मला अजून अप्रूप वाटतं.

कारण आपली भूतं फार पर्सनल असतात हो. मुंजाला लग्न करायचं असतं, हडळीचा कोणावर तरी राग असतो, कोणाचा जीव जमिनीत अडकलेला, कोणाचा सोन्यात. त्याची इच्छा विचारा, नारळ द्या, सुटला. झोंबीला नाव नाही, इच्छा नाही, तो एकटा येतच नाही. भुताची तक्रार घरच्यांशी असते. झोंबीची गर्दी झाली की पोलीस लागतात, पालिका लागते, टीव्ही लागतो, म्हणजे सरकार आपोआप पिक्चरमधे येतं. (सरपोतदारनेच पुढे २०२४ ला 'मुंज्या' केला, तो चालला कितीतरी जास्त. आपल्याला अजून एकटं भूतच आवडतं.)

'होमकमिंग' बघताना मी सारखा विचार करत होते की आपल्याकडे मेलेल्यांना मतदानासाठी पेटीतून उठायची पण गरज पडत नाही, यादीत नाव असलं की झालं. आणि उलटपण आहे. उत्तर प्रदेशात आझमगढचे लालबिहारी, नातेवाइकांनी जमिनीसाठी त्यांना कागदोपत्री मेलेलं दाखवलं, १९७५ पासून १९९४ पर्यंत ते सरकारी दृष्टीने मयत होते. त्यांनी असल्या लोकांचा मृतक संघ काढला, नावापुढे 'मृतक' लावलं, आणि आपण जिवंत आहोत हे सिद्ध करायला १९८९ ला राजीव गांधींच्या विरोधात निवडणुकीला उभे राहिले. त्यांच्यावर 'कागज' नावाचा हिंदी पिक्चर आलाय, पण तो सरळ चरित्रपट आहे. ह्याचा झोंबी पिक्चर कोणी का करत नाही? मेकअपचा खर्च शून्य, फक्त एक लेखपाल (म्हणजे तिकडचा तलाठी) आणि एक शिक्का लागेल. कोणाला प्रोड्यूसर माहीत असेल तर कळवा, आणि 'हुआन' बघणार असाल तर डब नका बघू, स्पॅनिशच बघा सबटायटल लावून, त्यातल्या शिव्यांची लय डबिंगमधे पार जाते.